पस्तीस पौंडांचे मालक

वेम्बली, १० मे २००८. इंग्लंडच्या खालच्या श्रेण्यांतल्या फुटबॉल क्लबांची स्पर्धा म्हणजे एफए ट्रॉफी. तिचा अंतिम सामना, एब्सफ्लीट युनायटेड विरुद्ध टॉर्की युनायटेड. पूर्वार्धातच एब्सफ्लीटला पेनल्टी मिळाली. क्रिस मॅकफीने ती मारली आणि टॉर्कीच्या गोलकीपरने अडवली. चाळीस हजार लोकांसमोर पेनल्टी घालवलेला माणूस उरलेला सामना मान खाली घालून खेळतो. मॅकफीवर ती वेळ आली नाही. मध्यंतराची शिट्टी व्हायच्या बेतात त्यानेच गोल केला, सामना १-० वर तिथेच निकाली निघाला, आणि थोड्या वेळाने कप्तान पॉल मॅकार्थीने चषक उंचावला.

एरवी ज्या क्लबच्या घरच्या सामन्याला हजारेक माणसं जमतात, त्याच्यासाठी हा शंभर वर्षांत एकदा येणारा दिवस. पण त्या दिवशी आनंदाने उड्या मारणाऱ्यांत एक वेगळी जमात होती, ती म्हणजे क्लबचे मालक. ते तीसेक हजार होते, जगभर पसरलेले होते, आणि बहुतेकांनी क्लबचं मैदान आयुष्यात पाहिलेलं नव्हतं. प्रत्येकाने पस्तीस पौंड भरले होते. तेव्हाच्या भावाने अडीच-पावणेतीन हजार रुपये.

पाच वर्षांनी, २०१३ च्या वसंतात, याच मालकांनी मतदान करून आपले शेअर देऊन टाकले. या पाच वर्षांत नेमकं काय बिनसलं, हा या प्रकरणाचा विषय. मात्र त्याआधी क्लब कुठला, कुणाचा, हे सांगायला हवं, कारण माझ्या मते सगळी गोम तिथेच आहे.

सिमेंटच्या गावातला क्लब

थेम्स नदी लंडन सोडून समुद्राकडे निघते तेव्हा तिच्या दक्षिण काठावर, केंट परगण्यात, ग्रेव्हझेंड आणि नॉर्थफ्लीट ही दोन जुळी गावं लागतात. ग्रेव्हझेंड हे जुनं बंदर. अमेरिकेतून इंग्लंडला आणलेली, तिथल्या मूळनिवासी सरदाराची मुलगी पोकाहॉन्टस १६१७ मध्ये परतीच्या वाटेवर इथेच वारली, आणि इथल्याच सेंट जॉर्ज चर्चमध्ये तिला पुरलं. शेजारचं नॉर्थफ्लीट म्हणजे चुनखडी, सिमेंट आणि कागदाच्या गिरण्या. पोर्टलंड सिमेंटच्या सुरुवातीच्या काळातली एक भट्टी अजून तिथे जपून ठेवली आहे. युद्धानंतर या भागात पंजाबी माणसं मोठ्या संख्येने कामाला आली आणि स्थिरावली. ग्रेव्हझेंडचा गुरुद्वारा आज ब्रिटनमधल्या सर्वांत मोठ्या गुरुद्वारांपैकी एक आहे.

दोन गावं, दोन क्लब. ग्रेव्हझेंड युनायटेड आणि नॉर्थफ्लीट युनायटेड, दोन्ही १८९० च्या दशकाच्या आगेमागे सुरू झालेले. दुसऱ्या महायुद्धाने दोघांचीही दमछाक केली, आणि १९४६ मध्ये ते एक झाले. नाव ठेवलं ग्रेव्हझेंड अँड नॉर्थफ्लीट युनायटेड. लांबलचक, उच्चारायला जड, पण दोन्ही गावांना आपलं नाव त्यात ऐकू येणारं. मैदान नॉर्थफ्लीटचं, स्टोनब्रिज रोड. तिथे १९०५ पासून खेळ चालू आहे. मैदानाच्या एका टोकाला ‘प्लाउ एंड’ म्हणतात, जवळच्या प्लाउ नावाच्या पबवरून. इंग्रजांच्या मैदानांची नावं अशीच पडतात, एक तर चर्चवरून नाहीतर दारूच्या गुत्त्यावरून.

इथे ‘नॉन-लीग’ या शब्दाचा खुलासा करतो, कारण तो फसवा आहे. इंग्लंडमध्ये वरच्या चार श्रेण्यांत मिळून ९२ क्लब. त्यांना लीग म्हणायचं. पाचव्या श्रेणीपासून खाली जे काही आहे ते सगळं नॉन-लीग, जरी तिथेही रीतसर लीगच खेळल्या जातात. पाचव्या श्रेणीत पूर्ण वेळ पगारी खेळाडू असतात. दोन-तीन पायऱ्या उतरलात की दिवसा प्लंबिंग करून संध्याकाळी सरावाला येणारे सापडतात. ग्रेव्हझेंडचा जन्म याच जगात गेला. १९५७-५८ मध्ये ते सदर्न लीगचे विजेते झाले. १९७९ मध्ये नॉन-लीगची देशव्यापी वरची श्रेणी सुरू झाली तेव्हा तिच्या पहिल्या क्लबांत होते. १९८२ मध्ये तिथून खाली आले ते परत वर चढायला २००२ उजाडलं.

पण गावातल्या म्हाताऱ्याला विचाराल तर तो या लीगबद्दल बोलणार नाही, १९६३ बद्दल बोलेल. त्या हिवाळ्यात इंग्लंड असं गोठलं होतं की आठवडेच्या आठवडे सामने होत नव्हते. त्या गारठ्यात या क्लबने एफए कपच्या, म्हणजे लहान-मोठ्या सगळ्याच क्लबांना खुल्या असलेल्या स्पर्धेच्या, तिसऱ्या फेरीत कार्लाइल युनायटेडला त्यांच्याच मैदानावर १-० ने हरवलं आणि चौथ्या फेरीत सुंदरलंडला स्टोनब्रिज रोडवर बोलावलं. बारा हजारांवर माणसं जमली. सामना १-१ असा सुटला. फेरसामन्यात सुंदरलंडने ५-२ ने काढून दिलं ते वेगळं. १९९६ मध्ये पुन्हा तिसऱ्या फेरीत अॅस्टन व्हिलाशी गाठ पडली. तो सामना खरं म्हणजे घरचा, पण खेळला गेला व्हिलाच्या मैदानावर, आणि ३-० ने गेला. छोट्या क्लबांना असा व्यवहार करावाच लागतो. मोठ्या मैदानावरच्या गल्ल्यातला वाटा दोन-दोन वर्षांचा खर्च भागवतो. जिमी बुलार्ड इथेच खेळला आणि १९९९ मध्ये वेस्ट हॅमने त्याला उचललं. पुढे तो प्रीमियर लीगमध्ये गाजला.

इतकं सविस्तर सांगायचं कारण एवढंच की हा क्लब रिकाम्या जागेवर उभा नव्हता. बाप, मुलगा, नातू अशा तीन पिढ्या त्याच पायऱ्यांवर उभं राहून भिजल्या होत्या.

आधी नाव गेलं

२००७ च्या मे महिन्यात क्लबने नाव बदललं. ग्रेव्हझेंड गेलं, नॉर्थफ्लीट गेलं, आलं एब्सफ्लीट युनायटेड. एब्सफ्लीट ही तिथली एक छोटीशी नदी, ओढाच म्हणा. त्या नावाचं गाव असं काही तेव्हा नव्हतंच. होतं ते एक नवंकोरं रेल्वे स्टेशन, एब्सफ्लीट इंटरनॅशनल. युरोस्टारच्या पॅरिसला जाणाऱ्या गाड्या तिथे थांबणार होत्या, आणि युरोस्टारच क्लबचा प्रायोजक झाला होता. स्टेशन सुरू झालं त्याच वर्षी नोव्हेंबरमध्ये. आसपास हजारो घरांचं नवं शहर उभं राहणार, तेव्हा भविष्यातल्या शहराचं नाव आजच लावून घेऊ, असा हिशेब.

हिशेब म्हणून चुकीचा नव्हता. पुढे २०१४ मध्ये सरकारने तिथे १५ हजार घरांचं ‘गार्डन सिटी’ जाहीर केलंच. पण जुन्या पाठीराख्यांना ते लागलं. आपल्याकडे एखाद्या गावच्या तालमीचं नाव बदलून तिला शेजारच्या नियोजित विमानतळाचं नाव द्यावं, तसं ते झालं. नाव गेल्याची जखम ओली असतानाच सहा महिन्यांत मालकही बदलणार होते.

वेबसाइटवरची वर्गणी

त्याच २००७ मध्ये, एप्रिलमध्ये, विल ब्रुक्स या माजी फुटबॉल पत्रकाराने ‘मायफुटबॉलक्लब’ नावाची वेबसाइट काढली होती. कल्पना ऐकता क्षणी पटावी अशी होती. प्रत्येक चाहत्याला वाटत असतं की आपल्या संघाच्या मॅनेजरपेक्षा आपल्याला जास्त कळतं. मग पन्नास हजार चाहत्यांनी पस्तीस-पस्तीस पौंड काढावेत, एक क्लब विकत घ्यावा, आणि सगळं मतदानाने ठरवावं. कोणता खेळाडू घ्यायचा, कुणाला विकायचं, तिकीट कितीला लावायचं. इतकंच काय, शनिवारी अकरा कोण खेळणार हेसुद्धा.

नावनोंदणी काही महिन्यांतच पन्नास हजारांवर गेली. फक्त नाव नोंदवायला पैसे लागत नव्हते, हे लक्षात ठेवा. खरे पैसे भरायची वेळ आली तेव्हा आकडा खाली आला, तरी हजारोंनी भरले. पस्तीसपैकी साडेसात पौंड वेबसाइटच्या व्यवस्थापनाला आणि साडेसत्तावीस क्लब घेण्यासाठी, अशी वाटणी होती.

१३ नोव्हेंबर २००७ रोजी जाहीर झालं की क्लब ठरला, एब्सफ्लीट युनायटेड. आधी ५१ टक्क्यांची बोलणी होती, अखेर सुमारे ७५ टक्के हिस्सा, सहा लाख पौंडांच्या वर. सभासदांचं मत घेतलं तर शंभरातल्या पंच्याण्णवांहून जास्त जणांनी होकार दिला. फेब्रुवारी २००८ मध्ये व्यवहार पुरा झाला. ऐन भरात सभासद सुमारे ३२ हजार झाले, शंभरावर देशांत विखुरलेले.

क्लबच्या बाजूने पाहिलं तर नाही म्हणायला काही कारणच नव्हतं. पाचव्या श्रेणीतल्या क्लबचा मालक बहुधा एखादा स्थानिक व्यावसायिक असतो. तो वर्षाकाठी खिशातून तूट भरतो आणि एक दिवस कंटाळतो. त्याऐवजी बत्तीस हजार मालक मिळत असतील, टीव्हीवर नाव येत असेल, तर कोण सोडेल?

मॅनेजर काय म्हणतो

मॅनेजर होता लिअम डेश. बर्मिंगहॅम सिटी, कॉव्हेंट्री सिटी अशा क्लबांकडून बचावफळीत खेळलेला, अंगापिंडाने दणकट, २००५ पासून इथे. अकरा निवडायचं काम हजारोंच्या मतांनी होणार म्हटल्यावर त्याचं काय उरतं, हा प्रश्न पहिल्याच दिवशी उभा राहिला.

आणि इथेच या प्रकरणातली पहिली कोंडी आहे. वेबसाइटचं सगळ्यांत मोठं आमिष म्हणजे संघनिवड. तेच तर पस्तीस पौंडांचं कारण. पण संघ निवडायला काय लागतं? मंगळवारच्या सरावात कोण लंगडत होता, कुणाच्या घरी आजारपण आहे, समोरच्या संघाचा डावा विंगर किती वेगाने येतो, चिखल किती आहे. ओहायोत किंवा ऑस्लोत बसलेल्या सभासदाला यातलं काहीच दिसत नाही. त्याला दिसतात नावं आणि आकडे. सभासदांना हे कळलं, आणि त्यांनी मतदान करून अकरा निवडायचं काम डेशकडेच ठेवलं.

निर्णय शहाणपणाचा होता, यात शंका नाही. पण त्याने योजनेच्या मुळावरच घाव घातला. ज्या एका गोष्टीसाठी लोक आले होते ती त्यांनी स्वतःच्या हाताने परत केली. उरलं काय? किट कसा असावा, तिकीट किती, अंदाजपत्रकाला मंजुरी. म्हणजे गृहनिर्माण सोसायटीच्या वार्षिक सभेतले विषय. तिथे लोक चहा-बिस्किटांसाठी तरी येतात.

पैशांच्या बाबतीतही तीच गत. मालकाला हिशेब दिसला पाहिजे हे खरंच. पण बत्तीस हजारांना दाखवलेली गोष्ट गुप्त राहते का? कोणत्या खेळाडूला किती पगार देतोय, कुणावर डोळा आहे, किती रकमेपर्यंत जाऊ, हे मतदानाला टाकलं की त्याच संध्याकाळी प्रतिस्पर्धी क्लबच्या टेबलावर. म्हणजे माहिती द्यावी तर क्लब उघडा पडतो आणि न द्यावी तर सभासद आंधळेपणाने बटण दाबतो. या पेचातून पळवाट नव्हती, आणि त्यात कुणाची नालायकीही नव्हती. मांडणीच तशी होती.

चषक कुणाचा?

पुन्हा वेम्बलीकडे येऊ. नवे मालक आले फेब्रुवारीत, चषक आला मे महिन्यात. बाहेरून बघणाऱ्याला वाटलं, काय जादू केली लोकशाहीने! तारखा जुळवून पाहिल्या तर चित्र निराळं दिसतं. एफए ट्रॉफीच्या फेऱ्या डिसेंबरपासूनच सुरू होत्या. संघ डेशने जमवलेला, खेळवला डेशने. उपांत्य फेरीत त्या वर्षी पाचवी श्रेणी जिंकलेल्या ऑल्डरशॉटला दोन सामन्यांत मिळून हरवलं, तेव्हा मालकांचा गृहप्रवेश होऊन महिना होत होता. आदल्या भाडेकरूने लावलेल्या आंब्याला नवीन मालकाच्या पहिल्याच उन्हाळ्यात मोहर यावा, तसा हा प्रकार.

यात कुणाचा दोष नाही, पण नुकसान झालं. पहिल्याच वर्षी वेम्बली पाहिलेल्या सभासदाला पुढचं सगळं फिकं वाटणारच. पुढचा मोसम म्हणजे नोव्हेंबरातली मंगळवारची रात्र, पाऊस आणि ०-० ची बरोबरी, आणि अखेर लीगमध्ये चौदावा क्रमांक. पायऱ्यांवर उभं राहणाऱ्याला त्यात काही नवं नव्हतं. तो तसाच वाढला होता.

अकिंडेचा सौदा

खऱ्या अर्थाने मालकीहक्क बजावायची एक संधी आली ती २००८ च्या उन्हाळ्याच्या शेवटी. जॉन अकिंडे, एकोणीस वर्षांचा उंचापुरा स्ट्रायकर. दुसऱ्या श्रेणीतल्या, म्हणजे तीन पायऱ्या वरच्या ब्रिस्टल सिटीने त्याच्यासाठी १ लाख ४० हजार पौंड देऊ केले. या क्लबच्या इतिहासातली सर्वांत मोठी रक्कम. मतदान झालं, सभासदांनी होकार दिला, अकिंडे गेला.

मला विचाराल तर या सगळ्या खटाटोपात मतदान कामी आलं ते इथे. प्रश्न हो किंवा नाही एवढाच होता, रक्कम समोर होती, आणि पोरगा वरच्या श्रेणीत जाणार म्हणजे त्याचंही भलं. मोठ्या जमावाने ठरवायला अशाच गोष्टी सोयीच्या. पुढे अकिंडेचं ब्रिस्टलला फारसं जमलं नाही. उसनवारीवर चार गावं फिरून तो अखेर २०१४-१५ मध्ये बार्नेटकडून ३१ गोल ठोकत याच पाचव्या श्रेणीचा किताब जिंकून गेला. म्हणजे विकणारे भावाच्या बाबतीत तरी फसले नाहीत.

पण या एका सौद्याचा आकडा वर्गणीशेजारी ठेवून बघा. एक लाख चाळीस हजार भागिले पस्तीस म्हणजे चार हजार. एका पोराच्या विक्रीतून जे मिळालं ते चार हजार सभासदांच्या वर्षभराच्या वर्गणीइतकं होतं. आणि सभासदसंख्या त्याच चार हजारांच्या दिशेने घसरत चालली होती.

गळती

वर्गणी एक वर्षाची. फेब्रुवारी २००९ मध्ये नूतनीकरणाची वेळ आली तेव्हा बत्तीसपैकी जेमतेम नऊ हजार थांबले. २०१० पर्यंत चार हजारांच्या आसपास. शेवटी हजार-दीड हजारांवर गाडी आली.

याचं खापर मंदीवर फोडण्याची पद्धत आहे. २००८ च्या सप्टेंबरनंतर पाश्चात्त्य देशांत लोकांनी अशा हौशीच्या वर्गण्या आधी बंद केल्या, हे खरंच. पण तेवढंच कारण असतं तर पुढे दिवस पालटल्यावर लोक परतले असते. कुणी परतलं नाही. माझ्या मते बरेचसे सभासद पहिल्या वर्षीच समाधानी होऊन गेले होते. त्यांनी पस्तीस पौंड दिले ते ‘मी एका फुटबॉल क्लबचा मालक आहे’ हे वाक्य मित्रांत एकदा टाकण्यासाठी. ते वाक्य टाकून झालं. दुसऱ्या वर्षी तेच वाक्य टाकायला पुन्हा पस्तीस पौंड कोण देईल?

क्लबच्या अंगाने हे भयंकर होतं. खेळाडूंचे करार, पगार, प्रवास, मैदानाची डागडुजी, सगळं आदल्या वर्षीच्या उत्पन्नाकडे बघून ठरलेलं असतं. तीन चतुर्थांश मालक एका महिन्यात नाहीसे झाले की काय कापायचं? मालक एकटा असता तर त्याच्या दारात जाऊन बसता आलं असतं. तेवीस हजार दारं कुठे शोधायची? एकट्या धनवानावर अवलंबून राहण्याचा धोका टाळायला निघालेला क्लब एका निराळ्या धन्याच्या हाती पडला, ज्याचा चेहराच नव्हता.

२०१० मध्ये संघ बावीसावा येऊन खालच्या श्रेणीत गेला. २०११ मध्ये प्लेऑफच्या, म्हणजे वरच्या श्रेणीत जाण्यासाठीच्या बाद फेरीच्या, अंतिम सामन्यात फार्नबरोला त्यांच्याच घरी ४-२ ने हरवून वर आला. डेशचं हे काम मला चषकाइतकंच मोठं वाटतं, कारण आता खिसा फाटलेला होता. २०१३ मध्ये पुन्हा खाली.

ऊस कुणाचा?

हे प्रकरण वाचताना मराठी माणसाला एक गोष्ट ओळखीची वाटेल. एक सभासद, एक मत. हा आपल्या सहकाराचा पाया, आणि तो आला इंग्लंडमधूनच. १८४४ मध्ये लँकेशायरच्या रॉचडेल गावात विणकरांनी काढलेल्या दुकानापासून हे तत्त्व रूढ झालं. आपल्याकडे १९०४ चा कायदा झाला आणि पुढे प्रवरानगरसारखे साखर कारखाने त्यावर उभे राहिले. म्हणजे मायफुटबॉलक्लबची कल्पना काही नवलाची नव्हती, इंटरनेटवर नेलेली जुनीच होती.

पण कारखान्याच्या सभासदाकडे मत असतं तसा ऊसही असतो. कारखाना बंद पडला तर त्याचा ऊस शेतात वाळतो. म्हणून तो सभेत भांडतो, संचालकांना शिव्या देतो, पण पुढच्या वर्षी गाडी घेऊन काट्यावर हजर असतो. ज्याचा ऊस नाही अशा सभासदाला आपल्याकडे ‘बिगर ऊस उत्पादक’ म्हणतात, आणि त्याच्या मताला गावात किती किंमत असते ते सगळे जाणतात. एब्सफ्लीटचे बत्तीस हजार मालक जवळजवळ सगळेच बिगर ऊस उत्पादक. क्लब बुडाला असता तर त्यांचा शनिवार रिकामा झाला नसता. प्लाउ एंडला उभे राहणारे हजारभर लोक मात्र नखशिखांत ऊसवाले होते, आणि क्लब चालवण्याच्या कामी त्यांचं मत कॅलिफोर्नियातल्या सभासदाइतकंच, तेही पस्तीस पौंड भरले तर. योगायोग असा की महाराष्ट्रात कायदा दुरुस्त करून ‘क्रियाशील सभासद’ आणि बाकीचे असा फरक केला गेला तो २०१३ मध्येच.

इंग्लंडमध्येच याची उलट उदाहरणं आहेत. विम्बल्डनचा क्लब मालकांनी दूरच्या मिल्टन कीन्सला हलवला तेव्हा चाहत्यांनी २००२ मध्ये नववी श्रेणी पत्करून स्वतःचा एएफसी विम्बल्डन काढला आणि २०११ मध्ये तो लीगमध्ये पोचवला. मँचेस्टर युनायटेड ग्लेझर कुटुंबाने घेतल्यावर रागावलेल्यांनी २००५ मध्ये एफसी युनायटेड ऑफ मँचेस्टर सुरू केला, आणि दहा वर्षांनी स्वतःचं मैदान बांधलं. तिथेही एक सभासद, एक मत. भांडणंही पुष्कळ झाली. पण ते सभासद मैदानावर येणारे होते. भांडण झालं तरी शनिवारी तिकीटखिडकीवर समोरासमोर यावं लागायचं.

म्हणून ‘लोकांची मालकी फसली’ असा या प्रकरणाचा जो निष्कर्ष काढला जातो तो मला पटत नाही. इथे लोक क्लबकडे आलेच नव्हते. क्लब लोकांकडे नेला होता, पार्सल करून.

शेवटचं मतदान

एप्रिल २०१३ मध्ये उरलेल्या सभासदांनी ठरवलं की आपल्या शेअरांपैकी दोन तृतीयांश ‘फ्लीट ट्रस्ट’ या स्थानिक पाठीराख्यांच्या संस्थेला द्यायचे आणि एक तृतीयांश क्लबच्या दुसऱ्या एका भागधारकाला. पैसे न घेता. त्यांनी घेतलेल्या सगळ्या निर्णयांत हा सर्वांत जबाबदार होता, आणि तो घेतला त्या हजार-दीड हजारांनी, जे पाच वर्षं नेमाने वर्गणी भरत राहिले होते. टिंगल सगळ्या बत्तीस हजारांची झाली, पण ही माणसं निराळी होती. लांब राहूनही त्यांचा थोडा ऊस लागला होता.

महिन्याभरात कुवेती गुंतवणूकदारांच्या केईएच स्पोर्ट्सने क्लब घेतला आणि देणी चुकती केली. डेश गेला. पुन्हा एक मालक, पुन्हा खिशातून तूट भरणं. चक्र पूर्ण फिरून मूळ जागी आलं. त्यानंतर २०१७ मध्ये चेम्सफर्डला हरवून संघ पाचव्या श्रेणीत आला, २०२० मध्ये खाली गेला, २०२३ मध्ये वर, २०२५ मध्ये पुन्हा खाली. मैदान तेच, स्टोनब्रिज रोड.

यातलं २०२० चं खाली जाणं सांगण्यासारखं आहे. कोविडमुळे मोसम अर्धवट राहिला. गुणतक्ता कसा बंद करायचा यावर क्लबांचं मत घेतलं गेलं आणि ठरलं की प्रत्येक सामन्यामागे सरासरी किती गुण ते काढायचे. एब्सफ्लीटचे ३९ सामन्यांत ४२ गुण. मेडनहेड युनायटेडचे ३८ सामन्यांत ४१. गुण एब्सफ्लीटचेच जास्त, पण भागाकार केला तर १.०७७ आणि १.०७९. दोन हजारांश गुणाने मेडनहेड तरलं, आणि एब्सफ्लीट एकही चेंडू न खेळता खाली गेलं. या वेळी मत देणारे दुसरेच होते.